यादीतून आलेल्या बाईंचा कायदा

स्कॉटलंडमध्ये मतदानाला गेलं की हातात दोन मतपत्रिका पडतात. एक फिकट जांभळी, दुसरी पीच रंगाची. जांभळीवर आपल्या मतदारसंघातला उमेदवार निवडायचा, पीचवर पक्ष. खूण पेन्सिलीने करायची. बोटाला शाई वगैरे कोणी लावत नाही, त्यामुळे बाहेर पडल्यावर मत दिल्यासारखंच वाटत नाही. भारतीय पासपोर्ट असूनही मला इथे मत आहे. कॉमनवेल्थ देशांच्या नागरिकांना, राहण्याचा परवाना असेल तर, स्कॉटिश संसदेसाठी मत देता येतं. आमच्या मराठी मंडळींपैकी बऱ्याच जणांना हे ठाऊकच नसतं, आणि ठाऊक असलेल्यांपैकी बरेच जण पीच मतपत्रिकेचं काय करायचं हे पेटीपाशी उभं राहून ठरवतात.

तर त्या पीच मतपत्रिकेबद्दल. एडिनबराच्या हॉलीरूडमधल्या संसदेत एकूण 129 सदस्य बसतात. त्यातले 73 थेट मतदारसंघांतून येतात. उरलेले 56 पक्षांनी दिलेल्या याद्यांतून येतात, आठ विभागांतून प्रत्येकी सात. हिशेब असा असतो की, ज्या पक्षाने विभागातल्या थेट जागा भरपूर जिंकल्या त्याला यादीतून कमी मिळतं, आणि मतं असूनही ज्याच्या पदरात थेट जागा पडल्या नाहीत त्याची भरपाई यादीतून होते. आम्ही राहतो ते ईस्ट किलब्राइड तेव्हा ‘सेंट्रल स्कॉटलंड’ या विभागात होतं. 2016 च्या निवडणुकीत या विभागातल्या नऊच्या नऊ थेट जागा एसएनपी, म्हणजे स्कॉटिश नॅशनल पार्टीने मारल्या. यादीतल्या सातपैकी चार जागा लेबरला गेल्या, तीन टोरींना, म्हणजे कॉन्झर्व्हेटिव्ह पक्षाला. लेबरच्या त्या चारांत मोनिका लेनन नावाच्या बाई होत्या, पाळीचे पॅड आणि टॅम्पॉन मोफत मिळण्याचा कायदा पुढे ज्यांनी आणला त्या.

आमच्या घरी यावरून वाद होता. नवऱ्याचं म्हणणं, यादीतले आमदार म्हणजे वेटिंग लिस्ट कन्फर्म झालेले प्रवासी. गाडीत बसले हे खरं, पण मोठ्याने बोलायचं नाही. आपल्याकडे विधान परिषदेला मागचं दार म्हणतात तसलाच हा सूर. इथेही तो ऐकू येतो. थेट निवडून आलेला सदस्य म्हणतो, माझ्या मागे लोक आहेत, तुझ्या मागे फक्त पक्षाची यादी. त्यातून लेनन विरोधी बाकावर, पक्ष तिसऱ्या क्रमांकावर घसरलेला, आणि त्या स्वतः पहिल्यांदाच आलेल्या. अशा सदस्याच्या नावावर एखादा कायदा असेल असं तेव्हा कोणी म्हटलं असतं तर मीही हसले असते.

लॅनार्कशरचा हा पट्टा एकेकाळी कोळसा आणि पोलाद यांवर जगत होता. मदरवेलचा रेव्हन्सक्रेग पोलाद कारखाना 1992 मध्ये बंद पडला, त्याची हळहळ अजून टॅक्सीवाल्यांच्या बोलण्यात येते. खाणी त्याआधीच गेल्या होत्या. लेबर पक्षाचा हा जुना बालेकिल्ला. केअर हार्डी, ज्यांना लेबर चळवळीचे जनक मानतात, ते याच लॅनार्कशरचे. लेनन या भागात वाढल्या. पेशाने त्या टाउन प्लॅनर, स्ट्रॅथक्लाइड विद्यापीठात शिकलेल्या. 2012 मध्ये साउथ लॅनार्कशर कौन्सिलवर नगरसेवक म्हणून निवडून आल्या आणि तिथून चार वर्षांनी हॉलीरूडला पोचल्या.

प्लॅनर असण्याचा इथे संबंध आहे, निदान मला तरी तो दिसतो. नगरनियोजनात इच्छेला किंमत नसते, नकाशावर काय उमटलं त्याला असते. ‘इथे मुलांसाठी मैदान असावं’ असं सगळ्यांनाच वाटतं. आरक्षण पडलं नसेल तर तिथे पाच वर्षांनी दुकानं उभी राहतात. ईस्ट किलब्राइड हे 1947 पासून कागदावर आखून उभारलेलं गाव आहे, इथे राहिलं की ही गोष्ट रोज चाकाखालून जाते: एवढे गोल चौक आहेत की लोक गावाला ‘पोलो मिंट सिटी’ म्हणतात. कोणीतरी कधीतरी ते कागदावर काढले म्हणून ते आहेत, आणि ज्यांना आवडत नाहीत त्यांनाही ते घालावेच लागतात.

निवडून आल्याच्या वर्षीच लेननबाईंनी संसदेत विचारायला सुरुवात केली: ज्या मुलींना, बायकांना पाळीसाठी लागणारे पॅड आणि टॅम्पॉन परवडत नाहीत त्यांचं सरकार काय करतं? प्रश्न साधा होता, पण विचारायला अवघड. पुरुषांनी भरलेलं सभागृह हे त्याचं एक कारण. दुसरं असं की, हा प्रश्न आरोग्याचा म्हणायचा, शिक्षणाचा, गरिबीचा की बाजारभावाचा, हेच कोणी ठरवलेलं नव्हतं. ज्या प्रश्नाला खातं नसतं त्याची फाइल कुठेच उघडत नाही. फूड बँकेत काम करणाऱ्यांना मात्र तो पक्का माहीत होता. तिथे बायका पास्त्याचं पाकीट, डब्यातली कडधान्यं घ्यायच्या, आणि निघताना हळूच विचारायच्या.

हे विचारणं मला ओळखीचं आहे. सांगली जिल्ह्यातल्या आमच्या शाळेत मुलींसाठी पॅडची सोय होती. हो, होती. कुठल्याशा मंडळाने देणगी म्हणून खोकी दिलेली होती. ती पीटीच्या बाईंच्या लोखंडी कपाटात कुलपात असायची आणि कपाटाच्या दाराला आतून सुतळीने बांधलेली एक वही असायची. दोनशे पानी, तांबड्या पुठ्ठ्याची. पट्टीने आखलेले रकाने: अनुक्रमांक, तारीख, नाव, इयत्ता व तुकडी, नग, सही. वर्गातून उठायचं, तास चालू असेल तर सरांना कारण सांगायचं, म्हणजे पोटात दुखतंय असं सांगायचं. मग स्टाफरूमच्या दारात उभं राहायचं, बाई चहा पीत असतील तर त्यांचा चहा संपेपर्यंत. मग बाई किल्ली घेऊन निघायच्या, मागे आपण, आणि व्हरांड्यातून ही दोघींची मिरवणूक जाताना बघून सगळ्या शाळेला कळायचं. शेवटी ‘नग 1’ समोर सही.

बाई दुष्ट नव्हत्या. त्यांना वर हिशेब द्यायचा होता. एकदा त्यांनीच वैतागून म्हटलेलं आठवतं, ‘अगं, खोकी संपतच नाहीत, तुम्हाला लागत नाहीत का?’ लागत होतेच. पण आम्ही घरून आणलेलं कापड दुपारपर्यंत पुरवायचो, नाहीतर मधल्या सुट्टीत घरी निघून जायचो. कागदोपत्री सोय होती, मालही होता, आणि वहीत नावं मात्र मोजकीच. बरीचशी गावातल्या डॉक्टरांच्या, वकिलांच्या मुलींची, ज्यांना तशी गरज नव्हती पण संकोचही नव्हता.

मोफत काहीही वाटायचं म्हटलं की पहिला प्रश्न हाच येतो: कोणाला, आणि त्याने ते कसं मागायचं? स्कॉटलंडमध्येही तो आला. ऑगस्ट 2017 मध्ये लेननबाईंनी आपल्या विधेयकाचा कच्चा मसुदा लोकांपुढे मांडला. इथे कोणत्याही सदस्याला स्वतःचं विधेयक आणता येतं. आधी किमान बारा आठवडे लोकांची मतं मागवायची, मग अंतिम प्रस्ताव ठेवायचा, त्याला ठरावीक मुदतीत वेगवेगळ्या पक्षांच्या सदस्यांचा पाठिंबा मिळवायचा, आणि मग कुठे विधेयक लिहायला घ्यायचं. आपल्याकडे संसदेत शुक्रवारी दुपारी अशासकीय विधेयकं चर्चेला येतात. स्वातंत्र्यानंतर त्यातली अवघी 14 कायदा झाली आणि शेवटचं 1970 मध्ये. हॉलीरूडचा आकडा त्यामानाने बरा आहे, पण वाट लांबचीच.

त्या पहिल्या मसुद्यात एक कार्डाची कल्पना होती. स्कॉटलंडमध्ये तरुणांना मोफत कंडोम मिळण्यासाठी ‘सी-कार्ड’ आहे, त्याच धर्तीवर. कार्ड दाखवायचं, पॅड घ्यायचे. मला ते वाचताना तांबड्या पुठ्ठ्याची वही दिसली. कार्ड आलं की कार्ड देणारा आला, नोंद आली. सरकारी बाजूने तर उलटी भीती होती. सगळ्यांनाच द्यायचं म्हटलं तर सीमेपलीकडून इंग्लंडमधले लोक येऊन पिशव्या भरून नेतील अशी शंकासुद्धा गंभीरपणे निघाली. कार्लाइलहून दीड तास गाडी चालवून कोणी पॅडच्या पाकिटासाठी ग्लासगोला येईल, हे ज्याच्या डोक्यात आलं त्याने पेट्रोलचा भाव बघितला नसावा.

एसएनपी सरकारबद्दल मात्र सरसकट वाईट बोलणं अन्यायाचं होईल. पैसा त्यांनीच आधी काढला. जुलै 2017 मध्ये अॅबरडीनमध्ये सहा महिन्यांचा प्रयोग झाला, कमी उत्पन्नाच्या घरांतल्या किमान हजार जणींपर्यंत पोचण्यासाठी 42,500 पौंड. ऑगस्ट 2018 मध्ये शाळा, कॉलेजं आणि विद्यापीठं यांतल्या 3,95,000 विद्यार्थ्यांसाठी 52 लाख पौंड जाहीर झाले. जानेवारी 2019 मध्ये वाचनालयं आणि इतर सार्वजनिक ठिकाणांसाठी आणखी 40 लाख. सरकारचं म्हणणं सरळ होतं: आम्ही देतोय ना, मग कायदा कशाला?

मराठी वाचकाला हे वाक्य वेगळं समजावून सांगायला नको. 2018 च्याच महिलादिनी महाराष्ट्रात अस्मिता योजना सुरू झाली. जिल्हा परिषद शाळांतल्या मुलींना आठ पॅडचं पाकीट 5 रुपयांत, बचत गटांमार्फत. त्याच वर्षी जुलैत केंद्राने सॅनिटरी पॅडवरचा 12 टक्के जीएसटी काढून टाकला. दोन्ही गोष्टी चांगल्या. पण योजना म्हणजे सरकारची मर्जी आणि त्या वर्षीची तरतूद. ती आटली तर कोणाला जाब विचारायचा? योजनेत आपण लाभार्थी असतो. लाभार्थ्याने आभार मानायचे असतात, तक्रार केली तर तो कृतघ्न ठरतो. माझ्या शाळेतली खोकीही योजनाच होती. पुढच्या वर्षी देणगी देणाऱ्या मंडळाने पंखे दिले.

लेननबाईंनी नेमकं हेच धरून ठेवलं. सरकारने पैसे दिले त्याचं त्यांनी स्वागत केलं, आणि विधेयक मागे घेतलं नाही. राजकारणात हे दिसतं तितकं सोपं नाही. विरोधकाच्या मागणीवर सरकार खर्च करायला लागलं की मागणी करणाऱ्याची हवा जाते. ‘माझ्यामुळे झालं’ असं म्हणून फोटो काढायचा आणि पुढच्या विषयाकडे वळायचं, ही नेहमीची रीत. त्या वळल्या नाहीत. एप्रिल 2019 मध्ये विधेयक रीतसर दाखल झालं.

मग आकड्यांची भांडणं. लेननबाईंचा अंदाज वर्षाला 97 लाख पौंड. सरकारचा अंदाज 2 कोटी 40 लाख. एवढा फरक का, तर किती बायका मोफत पॅड घेतील याबद्दल दोघांची कल्पना वेगळी. सरकार धरून चालत होतं की फुकट मिळतंय म्हटल्यावर झाडून सगळ्या घेतील. अॅबरडीनचा आणि शाळा-कॉलेजांचा अनुभव तसा नव्हता. ज्यांच्या घरी पॅड आहेत त्या बहुतेक आपलेच वापरतात. मला यात एक गंमत वाटते. गरिबांना द्यायचं म्हटलं की हिशेबनीस नेहमी लोभाचा अंदाज वरचा धरतो आणि संकोचाचा अंदाज धरतच नाही. माझ्या पीटीच्या बाईंची खोकी का संपत नव्हती, याचं उत्तर एडिनबराच्या कुठल्याही तक्त्यात बसलं नसतं.

फेब्रुवारी 2020 पर्यंत चित्र असं होतं की, सरकार विधेयकाला पहिल्याच टप्प्यावर अडवणार. संबंधित मंत्री आयलीन कॅम्पबेल यांनी कायद्याच्या स्वरूपावर आणि खर्चावर आक्षेप घेतले होते. दरम्यान बाहेर बरंच काही उभं राहिलं होतं. कामगार संघटना, विद्यार्थी संघटना, बायकांचे गट. ‘विमेन फॉर इंडिपेंडन्स’ ही स्वतंत्र स्कॉटलंड मागणाऱ्या बायकांची संघटना, म्हणजे राजकीयदृष्ट्या लेननबाईंच्या विरुद्ध गोटातली. पण त्यांच्याच पाहणीतून आलं होतं की जवळपास पाचातल्या एकीला कधी ना कधी पाळीची साधनं विकत घेणं परवडलेलं नव्हतं. एसएनपीच्या स्वतःच्या कार्यकर्त्या आपल्या आमदारांना विचारायला लागल्या की तुम्ही याच्या विरोधात हात वर करणार का? मतदानाच्या तोंडावर सरकारने पवित्रा बदलला. 25 फेब्रुवारीला 112 विरुद्ध शून्य, एक तटस्थ.

एक पाऊल मागे जाऊन सांगते, विभागीय यादीतून आलेल्या सदस्याने सार्वजनिक आरोग्याचा विषय धरून सरकारला ओढत नेलं, असं हॉलीरूडमध्ये पहिल्यांदाच घडत नव्हतं. 2004 मध्ये एसएनपीचे स्टुअर्ट मॅक्सवेल, वेस्ट ऑफ स्कॉटलंडच्या यादीतले, तेव्हा ते विरोधात होते, त्यांनी बंदिस्त सार्वजनिक जागांत धूम्रपानबंदीचं विधेयक आणलं. पुढे तो विषय सरकारने स्वतःकडे घेतला आणि 26 मार्च 2006 पासून स्कॉटलंडच्या पबमध्ये सिगारेट बंद झाली, इंग्लंडच्या वर्षभर आधी. त्यानंतर नऊ रुग्णालयांच्या अभ्यासात हृदयविकाराच्या तीव्र झटक्याने दाखल होणाऱ्यांचं प्रमाण 17 टक्क्यांनी उतरलेलं दिसलं. मॅक्सवेल यांचं नाव आज किती जण घेतात? मी आमच्या ऑफिसात विचारून पाहिलं. बंदीची तारीख दोघांनी सांगितली, माणसाचं नाव एकानेही नाही. यादीतल्यांचं बहुधा असंच होतं. थेट मतदारसंघ नसल्यामुळे रस्त्यावरचे खड्डे आणि कचऱ्याची फेरी यांतून त्यांना जरा मोकळीक मिळते, एखाद्या विषयाला चिकटून बसता येतं. पण त्यांना आपलं म्हणणारं गावही नसतं. नवऱ्याला मी हे ऐकवलं. त्याने मॅक्सवेल मान्य केले, वेटिंग लिस्ट मागे घेतली नाही.

दुसऱ्या टप्प्यात विधेयक बरंच पालटलं. मूळ मसुद्यात मंत्र्यांनी देशभराची योजना चालवायची होती. आता जबाबदारी स्थानिक कौन्सिलांवर आली. तोवर करोना आला होता. माणसं घरात कोंडलेली, पगार तुटलेले, दुकानांत टॉयलेट पेपरसाठी झुंबड. 24 नोव्हेंबर 2020 ला शेवटचं मतदान झालं: 121 विरुद्ध शून्य. पाळीची साधनं गरजूंना मोफत मिळण्याची हमी कायद्याने देणारा स्कॉटलंड हा जगातला पहिला देश ठरला. 12 जानेवारी 2021 ला राणीची संमती मिळाली, आणि 15 ऑगस्ट 2022 पासून सगळी बंधनं लागू झाली. (तारीख बघून आमच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर जे जे विनोद व्हायचे ते झाले.) योगायोगाने ब्रिटनभर पॅडवरचा व्हॅटही 1 जानेवारी 2021 पासून गेला. त्यानंतर उत्तर आयर्लंडने 2022 मध्ये असाच कायदा केला.

कायदा छोटा आहे. मी तो एका दुपारी वाचून काढला आणि कायदे वाचायची सवय नसूनही कळला. कौन्सिलने पाळीची साधनं मोफत मिळतील अशी व्यवस्था करायची, ज्यांना गरज आहे त्या सगळ्यांसाठी. शाळा, कॉलेजं, विद्यापीठं यांनीही करायची. ती व्यवस्था कशी असावी, तर मिळवायला बऱ्यापैकी सोपी, घेणाऱ्याचा मान राखणारी, आणि वेगवेगळ्या प्रकारांतून निवड करू देणारी. शिवाय काय, कुठे, कसं ठेवणार ते आधी वापरणाऱ्यांना विचारून ठरवायचं आणि जाहीर करायचं. उत्पन्नाचा दाखला, कार्ड, नोंद यांचा पत्ता नाही. ‘गरज’ म्हणजे पैशाची गरज असं कुठे म्हटलेलं नाही. ज्या बाईला अचानक पाळी आली आणि जिची पर्स गाडीत राहिली, तीही यात बसते, मग ती बँकेची मॅनेजर का असेना.

प्रत्यक्षात हे कसं दिसतं? आमच्या इथल्या वाचनालयाच्या स्वच्छतागृहात बेसिनच्या शेजारी एक वेताची टोपली ठेवलेली असते. दोन आकारांचे पॅड, टॅम्पॉन, आणि एक छापील चिठ्ठी: लागतील तेवढे घ्या, कोणाला विचारायची गरज नाही. टोपली दाराच्या आत आहे, ग्रंथपालांच्या टेबलापाशी नाही. एवढ्याशा अंतरात बराचसा कायदा आहे. धुऊन वापरायचे पॅड आणि कप हवे असतील तर कौन्सिलकडे मागवता येतात. ‘हे गर्ल्स’ या सामाजिक उपक्रमाने ‘पिकअप माय पिरियड’ नावाचं अॅप काढलंय, त्यात जवळची ठिकाणं दिसतात. सासूबाई पुण्याहून आल्या होत्या तेव्हा त्यांनी टोपली पाहिली आणि पहिलं वाक्य बोलल्या, ‘उचलून नेत नाहीत का गं कोणी?’ मी म्हटलं, नेण्यासाठीच ठेवलीय. त्या थोडा वेळ गप्प होत्या, मग म्हणाल्या, ‘आणि भरतं कोण?’

हा प्रश्न मंत्र्यांनी विचारला त्यापेक्षा चांगला होता. भरतं कौन्सिल, आणि स्कॉटलंडमधल्या कौन्सिलांचं पैशाचं रडगाणं ऐकलं तर आपल्या नगरपालिका सुखी वाटाव्यात. मी टोपली रिकामीही पाहिली आहे. टोपली रिकामी दिसली की काउंटरवर सांगावं लागतं, आणि सांगणं म्हणजे पुन्हा विचारणंच आलं. पण तिथल्या मुलीने सॉरी म्हटलं. हा फरक मला मोठा वाटतो. माझ्या शाळेत सॉरी मला म्हणावं लागायचं, सरांचा तास मोडला म्हणून.

कायदा झाल्यावरची एक फजितीही सांगायला हवी, नाहीतर सगळं फारच गोड होईल. ऑगस्ट 2022 मध्ये टे नदीच्या परिसरातल्या कॉलेजांनी आणि कौन्सिलांनी मिळून या कामासाठी एक अधिकारी नेमला, पाळीविषयक सन्मानाचा अधिकारी असं भारदस्त पद, आणि नेमला तो पुरुष. टेनिसपटू मार्टिना नवरातिलोवांपासून सगळे तुटून पडले. महिन्याभरात ते पदच रद्द झालं. त्या माणसाची मला कीव आली. त्याने अर्ज केला होता, मुलाखत दिली होती, बाकी काय केलं होतं? पण निवड समितीच्या बैठकीत एकाही माणसाला हे कसं दिसेल याची शंका आली नसेल तर त्या समितीला पाळीबद्दल बोलण्याचा सराव अजून बराच करायचा होता, हेही खरं.

लेननबाईंचं पुढे काय झालं? 2018 पासून त्या लेबरच्या आरोग्यविषयक प्रवक्त्या होत्या, करोनाच्या काळातही. 2021 च्या सुरुवातीला पक्षाचं स्कॉटलंडमधलं नेतृत्व मोकळं झालं तेव्हा त्या उभ्या राहिल्या आणि अनस सरवर यांच्याकडून हरल्या, 57.6 विरुद्ध 42.4 टक्के. सरवर यांचे वडील मोहम्मद सरवर हे ब्रिटनचे पहिले मुस्लिम खासदार, नंतर पाकिस्तानातल्या पंजाबचे गव्हर्नर. राजकारण घरातच मुरलेलं. कायदा जगभर गाजून जेमतेम तीन महिने झाले होते, आणि पक्षाने त्यांना दुसऱ्या क्रमांकावर ठेवलं. मे 2021 मध्ये त्या पुन्हा सेंट्रल स्कॉटलंडच्या यादीतूनच आल्या. 2025 मध्ये त्यांनी आणखी एक विधेयक दाखल केलं, निसर्गाचा मोठ्या प्रमाणावर विध्वंस करणाऱ्यांना गुन्हेगार ठरवण्यासाठी. बाईंना दुसऱ्याच्या खात्यात न बसणारे विषय सापडतात खरे.

पण त्यांच्याबद्दल वाचताना माझं लक्ष सारखं जातं ते तिसऱ्याच गोष्टीकडे. त्यांचे वडील दारूने गेले, 2015 मध्ये, म्हणजे त्या संसदेत पोचण्याच्या आदल्या वर्षी. हे त्यांनी पुढे जाहीरपणे सांगितलं आणि पिणाऱ्याच्या घरातल्यांसाठी, विशेषतः मुलांसाठी, आधाराची मागणी लावून धरली. स्कॉटलंडने या बाबतीत कायदा करून पाहिलेला आहे. 1 मे 2018 पासून दारूच्या प्रत्येक युनिटला, म्हणजे 10 मिलिलिटर शुद्ध अल्कोहोलला, किमान 50 पेन्स किंमत ठरली. व्हिस्कीवाल्यांनी पाच वर्षं कोर्टात अडवून धरलेला निर्णय होता तो. तरी 2023 मध्ये केवळ दारूमुळे झालेल्या मृत्यूंची संख्या 1,277 होती. तरी 2023 मध्ये केवळ दारूमुळे झालेल्या मृत्यूंची संख्या 1,277 होती. किंमत वाढवून नवा पिणारा थोडा थांबतो, जो बुडालेला आहे तो जेवणातले पैसे काढून बाटली आणतो.

पॅडच्या बाबतीत काय लागतं ते ठाऊक होतं. कोणी, कुठे ठेवायचं एवढंच ठरवायचं होतं. इथे टोपलीत काय ठेवणार? लेननबाई मागतात ते साधंच आहे: उपचारासाठी रांग नको, घरच्यांना बोलायला माणूस हवा, मेलेल्याच्या नावाला डाग नको. त्यातलं शेवटचं कुठलीच संसद करू शकत नाही. आमच्या इथल्या मराठी मंडळींत पाळीबद्दल आता मोकळेपणाने बोलणं होतं, व्हॉट्सअॅपवर वाचनालयाच्या टोपलीचा फोटोही फिरतो. त्याच मंडळींत दिवाळीच्या जेवणानंतर एका घरातले काका दरवर्षी जिन्यात बसून राहतात. दोघे जण त्यांना धरून गाडीपर्यंत नेतात, ‘आज जरा जास्त झाली’ असं कोणीतरी हसत म्हणतं, आणि त्यांची मुलगी सगळ्यांचे डबे गोळा करून मागच्या सीटवर ठेवते. ती सोळा वर्षांची आहे. तिला काय हवं आहे, हे आमच्यापैकी कोणी विचारलेलं नाही, मीसुद्धा.